‘कुणीही’ची जागा

लॅकवाना, १ ऑक्टोबर

टाडेक राजा,

तुझा पत्ता आला एकदाचा. सगळा कागद छापील, फक्त नाव आणि पलटणीचा आकडा तुझ्या हातचा. मी तेवढंच चारदा वाचलं. मग समोरच्या डोलोरेसला नेऊन दाखवलं. ती म्हणाली, ‘‘यात वाचण्यासारखं काय आहे?’’ तिला कुणी बुशा म्हणणारं नातवंड नाही, तिला काय कळणार!

तिकडे फोन काढून घेतात हे ऐकून मी आधी घाबरले. मग वाटलं, बरंच झालं की! फोन असता तर तू मला ‘ठीक आहे’ एवढंच लिहिलं असतंस आणि वर अंगठा काढला असतास.

आता तुझ्या संघाचं. साखरेच्या डब्याखाली ठेवलेली चिठ्ठी मला कळली तशी परत लिहिते, चुकलं तर सांग. मी सातवीतून उठून बिस्किटांच्या कारखान्यात गेलेली बाई. तुझे आजोबा हयात असताना तीस वर्षं हा खेळ माझ्याच तळघरात चालला, पण मी वरून सारण भरलेल्या गरम पिएरोगी आणून ठेवायची आणि जायची. खाली काय आरडाओरडा चालायचा ते आत्ता कुठे समजतंय.

तर आपल्या घरचे दहा जण ऑगस्टमध्ये टेबलाभोवती बसतात आणि अमेरिकन फुटबॉलचे खरे खेळाडू आपसात वाटून घेतात. ते खेळाडू रविवारी आपापल्या मैदानात खेळतात, त्यांना आपला पत्ताही नसतो. ते जे पळतील, जे झेलतील, त्याचे गुण तुझ्या कागदावरच्या संघाला. म्हणजे पीठ त्यांनी मळायचं आणि पिएरोगी आपण मोजायच्या. दर आठवड्याला घरातल्या एकाशी गाठ. फेकणारा एक, पळणारे दोन, झेलणारे दोन, लाथ मारणारा एक, असं करत जागा भरायच्या आणि उरलेले बाकावर बसवायचे. बरोबर?

आणि तुझ्या झिगी आजोबांचा नियम. मैदानात न उतरलेल्या माणसाला तू जागेवर बसवलंस तर ती ‘रिकामी खुर्ची’. हंगामात दोन रिकाम्या खुर्च्या झाल्या की टेबलाजवळची खरी खुर्ची गेली, ती दुसऱ्याला. गुणांची वही ठेवणाऱ्या तुझ्या नॉर्बर्टकाकाचा मेहुणा कर्ट तीन वर्षं टपून बसलाय, हे मला ठाऊक आहे. ईस्टरला तो तुझ्याच खुर्चीवर बसून ‘पाठीला छान आहे’ म्हणाला होता.

तू लिहिलंस, ‘बुशा, बाकी काही गेलं तरी चालेल, खुर्ची तेवढी राख. ऑगस्टमध्ये बाबांसमोर बसायला मला तेवढी एकच जागा उरली आहे.’ तू सैन्यात नाव घातल्याचं सांगितलंस आणि तुझा बाप रोमन टेबलावरून उठून गेला, तेव्हा मी जिन्यावरच ताट घेऊन उभी होते. त्याची निवडायची वेळ टळली म्हणून सातवा खेळाडू यंत्रानेच निवडून दिला, लाथ मारणारा, तोही पायाने अधू. अजून सगळे त्याला चिडवतात. तो मात्र तुझं नावच काढत नाही.

पण तू काळजी करू नकोस. तू ठेवलेली ती काचेची पाटी, टॅबलेट का काय म्हणता ती, मला वापरता येते. मला तर मजाच येतेय बाई! काल एका पळणाऱ्याने गुण केले आणि मी स्वयंपाकघरात एकटीच टाळ्या वाजवल्या.

पोटभर जेव. पाय कोरडे ठेव.

तुझी बुशा

*

शिबिर, दक्षिण कॅरोलायना, ६ ऑक्टोबर

बुशा,

तुला सगळं बरोबर कळलंय. पिएरोगीचं शेजारच्या खाटेवरच्याला वाचून दाखवलं, तो फार हसला. हसल्याबद्दल आम्हा दोघांना शिक्षा झाली, पण चालेल.

इथे रविवारी चर्चनंतर थोडा वेळ मिळतो, तेवढ्यातच लिहितो. पुढच्या रविवारी फ्लोरिडाचा झेलणारा बसव. तो हमखास गुण देतो. यादी खाली दिली आहे, जशीच्या तशी लाव. मध्येच कुणी काही सांगेल, नॉर्बर्टकाका मुद्दाम घाबरवतील, टीव्हीवर काहीबाही ऐकशील, पण तू बदलू नकोस. काहीही झालं तरी बदलू नकोस.

बाबा काही म्हणाले का?

टाडेक

*

लॅकवाना, १८ ऑक्टोबर

टाडेक बाळा,

माझ्या हातून झालं. आधी तेच सांगते, नाहीतर मी इकडचं तिकडचं लिहीत बसेन.

फ्लोरिडात वादळ आलं. शुक्रवारी टीव्हीवर झाडं आडवी होताना बघितली, तिथल्या बायांसाठी देवापुढे मेणबत्तीही लावली. पण त्या वादळाचा आपल्या यादीशी काही संबंध असेल हे माझ्या डोक्यातच आलं नाही! शनिवारी सामना पुढे ढकलला, आठवड्याने नव्हे, थेट डिसेंबरात. पाटीवर त्या पोराच्या नावापुढे लाल अक्षरं आली. मी ती बघितली. तुझं पत्र समोर ठेवून मी ती लाल अक्षरं बघत होते, टाडेक, आणि पत्रात लिहिलं होतं, काहीही झालं तरी बदलू नकोस. दोनदा लिहिलं होतंस. मला वाटलं, पोराला काहीतरी माहीत असेल.

सोमवारी रात्री आठवडा संपला आणि त्याच्यापुढे भोपळा. मंगळवारी सकाळी नॉर्बर्टचा फोन. ‘‘काकू, एक रिकामी खुर्ची लिहून घेतलीय.’’

मी म्हटलं, ‘‘अरे, वादळ आलं होतं, नॉर्बर्ट! देवाने आणलं, मी नाही आणलं.’’

‘‘काकू, वादळ सगळ्यांनाच आलं. वॅन्डाने तिचा माणूस शनिवारीच काढला.’’

‘‘वॅन्डाकडे पत्र नव्हतं.’’

‘‘नियम झिगीकाकांचाच आहे, मी काय करू?’’ आणि मागून कर्टचा आवाज, ‘‘विचार तिला, गादी खुर्चीबरोबर मिळते का!’’ मी फोन आपटला. तो भिंतीवरचा जुना फोन आहे ना, आपटायला बरा पडतो.

तेव्हापासून मला चैन नाही. आता एकच उरली. रात्री उठून पाटी बघते. सगळ्यांच्या नावापुढे लाल काही नाही ना, मग झोपते. आता मी टीव्हीवर आधी हवामान बघते, मग बातम्या. कॅन्सासला पाऊस, डेन्व्हरला ऊन. डोलोरेस म्हणते, तू कुठे प्रवासाला निघालीस का?

रोमनने काही विचारलं का, म्हणतोस. नाही विचारलं. पण मागल्या आठवड्यात येऊन माझी घर तापवायची भट्टी तपासली. मागच्याच महिन्यात तपासली होती. पाटी टेबलावर उघडी होती, तिच्याकडे बघून म्हणाला, ‘‘मा, हे तू चालवतेस?’’ मी म्हटलं, ‘‘हो.’’ म्हणाला, ‘‘हं.’’ इतकंच.

तू रागावला नाहीस ना? लवकर लिही.

बुशा

*

शिबिर, २७ ऑक्टोबर

बुशा,

मागच्या रविवारी लिहिता आलं नाही. विशेष काही नाही, कामं होती.

चूक माझी. माझं पत्र तुला मिळतं तोवर ते शिळं झालेलं असतं, हे लिहितानाच कळायला हवं होतं. आता यादी पाठवणार नाही. तूच ठरव.

फक्त सामने पुढे ढकलले जातात त्याचं सांगतो, कारण आता बर्फाचे दिवस येतील. ज्याचा सामना सुरू झाला तो जागेवर पक्का होतो, मग त्याला हलवता येत नाही. ज्याचा सुरू व्हायचाय त्याला हलवता येतं. सामना रविवारवरून सोमवारवर गेला तर घाबरायचं नाही, तो आठवड्यात धरतात. मंगळवारवर गेला की संपलं. पाटीवाले मंगळवार धरतात, पण आजोबांच्या नियमात सोमवारची शेवटची शिट्टी वाजली की आठवडा संपला, आणि नॉर्बर्टकाका आजोबांचंच धरतात. म्हणून सोमवारी खेळणारा एखादा नेहमी नजरेत ठेव.

आणि सगळ्यात खालची जागा, तिचं नाव ‘कुणीही’. तिथे पळणाराही चालतो, झेलणाराही चालतो. आठवड्यात जो सगळ्यात शेवटी खेळणार असेल त्याला तिथे बसव. ऐन वेळी त्याचा सामना ढकलला, तर त्या जागी कुणालाही आणता येतं. गुरुवारी खेळणाऱ्याला मात्र तिथे कधीच बसवू नकोस.

पाय थोडा दुखतो, सगळ्यांचाच दुखतो. २० डिसेंबरला प्रशिक्षण संपल्याचं संचलन आहे. तू आलीस तर मला आवडेल. बाबांना सांगायचं की नाही ते तू बघ.

टाडेक

*

लॅकवाना, ५ नोव्हेंबर

माझ्या सोन्या,

जिंकलो! वॅन्डाला हरवलं! आणि नुसतं जिंकलो नाही, मी एकटीने ठरवून जिंकलो. ऐक. क्लीव्हलँडच्या पळणाऱ्याच्या गुडघ्याला पट्टी होती, सगळे म्हणत होते तो खेळेल. मी त्याचा फोटो बघितला. जिना उतरताना तुझे आजोबा कठडा धरायचे तसा तो भिंत धरून उभा होता. म्हटलं, हा काही खेळत नाही. बसवलं बाकावर. आणि नाहीच खेळला! नॉर्बर्ट म्हणाला, ‘‘काकू, तुम्हाला कुठून बातमी लागली?’’ मी म्हटलं, ‘‘आमच्याकडे असते.’’

आता त्या सगळ्यांची नावं मला पाठ झालीत. आपला बफेलोचा झेलणारा प्रुइट तर मला पोटच्या पोरासारखा वाटतो. गेल्या रविवारी त्याने चेंडू झेलला आणि कुंपणापाशी उभ्या असलेल्या एका म्हातारीला नेऊन दिला. तिची गुलाबी टोपी होती. मी म्हटलं, हा चांगल्या घरचा आहे.

१७ तारखेच्या आठवड्यात आपली गाठ कुणाशी माहीत आहे ना? तुझ्या बापाशी. त्याला कळलंय. काल परत भट्टी बघायला आला. एवढी तपासून घेतलेली भट्टी साऱ्या लॅकवानात नसेल. म्हणाला, ‘‘मा, दया दाखवणार नाही हं.’’ मी म्हटलं, ‘‘तुझ्या लाथ मारणाऱ्याचा पाय कसा आहे?’’ तो हसला बघ. ऑगस्टनंतर पहिल्यांदा हसताना बघितला.

म्हणून मी संचलनाचं सांगून टाकलं. २० डिसेंबरचं. तो हातोडी पिशवीत ठेवत होता. म्हणाला, ‘‘त्या आठवड्यात काम फार असतं.’’ पण दारातून परत वळला आणि विचारलं, ‘‘तिकडे उभ्याने बघायचं असतं की बसायला जागा असते?’’ मी बाई ताबडतोब माझा निळा कोट धुवायला दिला.

पाय दुखतो म्हणतोस, गरम पाण्यात मीठ घालून शेक. मीठ मागितलं तर देतील का रे?

तुझी बुशा

*

शिबिर, १० नोव्हेंबर

बुशा,

तुझं पत्र आलं. कोट धुवायला दिलास वाचून मला हे लिहिणं अवघड झालं.

२० डिसेंबरला येऊ नका. माझं संचलन नाही. कमरेखाली, मांडी जिथे जोडते, त्या हाडाला तडा गेलाय. तीन आठवडे मी कुणाला सांगितलं नाही, दात खाऊन धावत राहिलो, आणि तडा वाढला. आता मला जखमी मुलांच्या पलटणीत टाकलंय. माझ्याबरोबरचे सगळे पुढे गेले. मी कुबड्या घेऊन खिडकीत बसतो आणि त्यांना धावताना बघतो. हाड भरलं तर पुन्हा मधूनच सुरू करायचं. नाही भरलं तर घरी. कधी, ते कुणीच सांगत नाही. विचारलं की म्हणतात, पुढे ढकललंय.

बाबांना सांगू नकोस. बाबा ऑगस्टमध्ये म्हणाले होते, महिन्याभरात परत येशील. त्यांचं खरं झालेलं मला त्यांच्या तोंडून ऐकायचं नाही.

आणि खुर्चीचं सोडून दे. तू रात्री उठून पाटी बघतेस ते बंद कर. कर्टला बसू दे. मी तिथे कुठल्या तोंडाने बसणार होतो?

टाडेक

*

लॅकवाना, २० नोव्हेंबर

टाडेक,

हे पत्र बसून वाच. बसूनच असशील म्हणा. बघ, मी काय लिहून जाते!

तुझं पत्र शनिवारी आलं. टपालवाला बर्फातून कसा आला देव जाणे, त्यानंतर कुणीच आलं नाही. मी ते वाचलं आणि स्वयंपाकघरात उभीच राहिले. माझा पोरगा खिडकीत बसलाय आणि म्हणतो, कर्टला बसू दे. तुझं हाड मोडलं त्याने मी रडले. पण ‘सोडून दे’ म्हणालास त्याने घाबरले. हाड भरतं, बाळा. ते दुसरं जे मोडतं ना, ते भरायला फार वेळ लागतो, मी तुझ्या आजोबांच्या वेळी बघितलंय, कारखाना बंद झाला तेव्हा. म्हणून मी ठरवलं, तुझं हे एक ऐकायचं नाही. खुर्ची राखायची.

आणि नेमकं तेव्हाच सगळं उलटं झालं.

शुक्रवारपासून तळ्यावरून जो बर्फ सुरू झाला तो थांबेचना. शनिवारी डोलोरेसच्या अंगणातली मेरीमाता खांद्यापर्यंत बुडाली, रविवारी दिसेनाशी झाली. रस्त्यावर गाड्यांना बंदी. शनिवारी दुपारी वीज गेली. मी सेलवर चालणारा रेडिओ लावून बसले होते, तर म्हणाले, बफेलोचा सामना रविवारी होणार नाही. प्रुइट! मग म्हणाले, मंगळवारी होईल. मंगळवारी, टाडेक! सोमवार असता तर मी देवाला काहीच मागितलं नसतं.

पाटी उघडायला गेले, ती काळी. बॅटरी उतरलेली, आणि वीजच नाही तर ती कशी भरणार? रविवारभर मी ती कोटाच्या आत धरून बसले, उबेने चालू होईल म्हणून. हसू नकोस.

नॉर्बर्टला फोन लावला. भिंतीवरचा फोन तेवढा चालू होता. म्हटलं, ‘‘तूच काढ रे त्याला. माझ्याकडे दिवा नाही.’’

‘‘काकू, मी दुसऱ्याच्या संघाला हात लावला तर कर्ट मला घरात राहू देणार नाही. तो बर्फामुळे इथेच अडकलाय.’’

‘‘मग मंगळवार धर.’’

‘‘झिगीकाका असते तर धरला असता का?’’

मी फोन ठेवला. तुझ्या आजोबांनी नसता धरला.

सोमवारी सकाळी रोमनचा फोन आला. ‘‘मा, घर गरम आहे का?’’ गॅसची शेगडी लावून बसलेय म्हटलं. जेवलीस का, म्हटलं जेवले. मग मी सांगितलं. म्हटलं, ‘‘तुझा फोन चालतो ना? टाडेकच्या नावाने आत शिर आणि प्रुइटला काढ.’’

तो हसायलाच लागला. ‘‘मा, मी त्याच्याविरुद्ध खेळतोय! प्रुइट भोपळा देतोय यासारखं मला दुसरं काय हवं?’’

‘‘त्याची खुर्ची जाईल, रोमन.’’

‘‘गेली तर गेली. खुर्ची त्यानेच सोडली. मी नाही सांगितलं, जा म्हणून. टेबलावर दहा माणसांसमोर सांगतो, बाबा, मी सही करून आलो. मला एकट्याला आधी सांगता आलं नसतं? आता बसू दे कर्टला. कर्ट निदान बर्फात अडकला की घरात असतो.’’

आता मी तोंडाला कुलूप लावलं होतं, खरंच लावलं होतं. शनिवारपासून लावलं होतं. पण ते ‘बसू दे कर्टला’ मी तीन दिवसांत दुसऱ्यांदा ऐकत होते, आधी तुझ्याकडून, मग त्याच्याकडून, शब्द तेच. दोघं एकाच मातीचे! मी ओरडले, ‘‘तो पोरगा मोडलेल्या हाडावर तीन आठवडे धावला, कारण तू म्हणालास तो महिन्यात परत येईल! आता कुबड्या घेऊन बसलाय आणि तुला सांगू नको म्हणतो!’’

मग तो म्हणाला, ‘‘कुठलं हाड?’’

मी सांगितलं.

मग, ‘‘मा, आत शिरायचा शब्द काय आहे?’’

आता हे तुझ्या चिठ्ठीत होतं आणि मला ते एकेक अक्षर करून त्याला सांगावं लागलं. ‘रोमन हरणार’. तो म्हणाला, ‘‘काय?’’ मी म्हटलं, ‘‘तसंच लिहिलंय, मी काय करू? सगळं जोडून लिही.’’ त्याने लिहिलं. आणि मग पोलिशमध्ये जे काही बोलला ते मी इथे लिहिणार नाही.

‘‘मा! हॅचला तू ‘कुणीही’त का बसवलंस? तो गुरुवारीच खेळून मोकळा झालाय! ती जागा पक्की झाली! आता प्रुइटच्या जागी फक्त झेलणाराच चालेल!’’

तू सांगितलं होतंस रे. गुरुवारचा माणूस तिथे नको, शेवटचा तिथे हवा. मला आठवत होतं. पण त्या जागेचं नाव बघून माझा हातच धजेना. आपल्या गावचा पोरगा, म्हातारीला चेंडू नेऊन देणारा, त्याला मी ‘कुणीही’ म्हणून बसवू? आणि त्या हॅचला मात्र अस्सल झेलणाऱ्याची जागा, ज्याचं मी तोंडही नीट बघितलं नाही? मला ते बरं दिसेना. म्हणून उलट बसवलं. हे मी रोमनला सांगितलं.

मग त्याने शोधलं. सोमवारी एकच सामना, त्यातले चांगले झेलणारे सगळे आपल्याच घरात वाटले गेलेले. उरला एकच, टंब्लिन नावाचा पोरगा, त्यांच्या संघात झेलणाऱ्यांत पाचवा. ‘‘मा, हा बहुतेक बाकावरून उठणारच नाही. आणि नाही उठला, तर तीही रिकामी खुर्चीच.’’

‘‘दुसरा?’’

‘‘दुसरा नाही.’’

‘‘मग बसव.’’

त्याने बसवला. रात्रीच्या जेवणानंतर त्याने पुन्हा फोन केला, त्याच्याकडे टीव्ही चालू होता, आणि ठेवलाच नाही. मी शेगडीपाशी कानाला लावून उभी. ‘‘दिसतो का?’’ ‘‘नाही.’’ ‘‘आता?’’ ‘‘मा, दर मिनिटाला विचारू नकोस. पाणी पितोय.’’ ‘‘कोण?’’ ‘‘टंब्लिन. बाकावर बसून पाणी पितोय.’’ मी त्या पोराच्या आईसाठीसुद्धा प्रार्थना केली, तिला एकदा तरी दिसू दे म्हणून. मग पहिला अर्धा संपत आला आणि त्यांच्या एकाचा घोटा मुरगळला. देवा माफ कर, मला आनंद झाला. रोमन ओरडला, ‘‘उठला! मा, उठला! टोप घालतोय!’’

चेंडू त्याच्याकडेच फेकला. त्याने झेलला आणि झेलल्याबरोबर तिघांनी त्याला उचलून मागे नेऊन आपटला. दोन यार्ड मागे. त्याचे तुला गुण मिळाले नाहीत, उलट होते त्यातले कापले.

शून्याच्याही खाली. पण रिकामी नाही!

नॉर्बर्टने मंगळवारी पहाटेच कबूल केलं. कर्टने विचारलं म्हणे, मागे ढकललेला माणूस धरायचा का. नॉर्बर्ट म्हणाला, मैदानात उतरला ना!

तू हरलास, ते वेगळं. आणि मी तुझा शब्द मोडला, त्याबद्दल तू मला हवं ते बोल. पण खुर्ची तुझी आहे, आणि रोमनला माहीत आहे.

बुशा

*

लॅकवाना, २१ नोव्हेंबर

टाडेक,

मला पत्र लिहिता येत नाही. बिल लिहितो तसं लिहितो.

एकेचाळीस गुणांनी जिंकलो. आनंद झाला. ते खोटं कशाला सांगू?

संकेतशब्द बदल.

हाडाचं मला फुटबॉलच्या भांडणात कळलं. तीन आठवडे त्याच्यावर धावलास हे मूर्खपणाचं आहे. तिकडच्या डॉक्टरांनी सांगितलंच असेल, तरी मी पण सांगतो.

महिन्याभरात परत येशील असं मी म्हणालो होतो. तू परत यावंस असं वाटत होतं, म्हणून म्हणालो. तू मोडावंस म्हणून नाही. हे दोन वेगळे आहेत, पण त्या दिवशी ते मला नीट बोलता आलं नाही.

शिबिराला फोन केला. जखमी मुलांना रविवारी दुपारी भेटू देतात. रस्ते मोकळे झाले की गाडी काढतो. तू नको म्हणालास तर येणार नाही. तसं कळव.

बाबा

*

शिबिर, १ डिसेंबर

बाबा,

या. ८ तारखेला चालेल.

मी गणवेशात नसेन आणि उभा राहून वगैरे काही करता येणार नाही, तेव्हा तुम्ही तशी अपेक्षा ठेवू नका. हाड भरतंय असं म्हणतात, पक्कं काही नाही.

बुशाला सांगा, मी रागावलो होतो. आता नाही.

टाडेक

*

शिबिराच्या फाटकाबाहेर, गाडीत, ८ डिसेंबर, रविवार

टाडेक राजा,

हे पत्र तुला आम्ही भेटून गेल्यावर मिळेल, मला कळतं. पण मला बसून राहवत नाही आणि हाताला काहीतरी चाळा हवा. अक्षर वाकडं आलंय कारण कागद मांडीवर आहे.

इकडे किती ऊन आहे रे! मी निळा कोट घालून आलेय, घामाने भिजले. डब्यात कोबीच्या पानात खिमा गुंडाळलेले गोवांबकी आहेत, फाटकावरच्या मुलाने हुंगून बघितले आणि जाऊ देईन म्हणाला.

येताना दोन दिवस तुझा बाप बोलत होता. व्हर्जिनियात बोलला, उत्तर कॅरोलायनात बोलला. तुला काय सांगायचं ते. मी नुसती हं हं म्हणत होते. ‘‘मा, आधी पायाचं विचारू की आधी खेळाचं?’’ मी म्हटलं, आधी आत तर जा. एका पेट्रोल पंपावर थांबून त्याने दाढी केली, आरशात बघून परत केली. काल मोटेलात मला म्हणाला, तो माझ्याशी बोलला नाही तर? मी म्हटलं, मग गुरुवारी कुणाला बसवायचं ते विचार, तेवढ्यावर तो बोलेलच.

आता आम्ही येऊन अर्धा तास झाला. भेटीची वेळ सुरू झाली. बाकीचे आई-बाप कधीच आत गेले. तुझा बाप स्टीअरिंग धरून बसलाय, इंजिन बंद आहे. मी म्हटलं, ‘‘रोमन, चल.’’ म्हणाला, ‘‘मा, पाच मिनिटं.’’ पाच झाली. परत म्हटलं. ‘‘आणखी पाच.’’

हा माणूस बर्फात छपरावर चढतो, आणि इथे त्याला गाडीचं दार उघडवत नाही. मी या हंगामात ढकलाढकली पुष्कळ सहन केली. आता ही नाही करणार. मी पेन ठेवते, उतरून त्याच्या बाजूचं दार उघडते आणि त्याच्या बाहीला धरून त्याला आत आणते.

उठू नकोस. आम्हीच येतो.

बुशा